यंत्र कोणाचं? यादी ज्याची, त्याचं!

विंडोजवर चालणाऱ्या प्रत्येक संगणकात सिस्टिम३२ नावाचं फोल्डर असतं आणि त्यात हजारो फाइली असतात. आज त्यांतल्या दोन फाइलींबद्दल बोलायचं आहे. एक सीआय.डीएलएल, दुसरी डब्ल्यूएलडीपी.डीएलएल. (डीएलएल म्हणजे इतर प्रोग्राम वापरतात ती कोडची लायब्ररी.) दोन्ही मायक्रोसॉफ्टने घडवलेल्या, दोन्ही यंत्राबरोबर आलेल्या, दोन्हींचे पैसे यंत्र घेताना मोजून झालेले. पहिली कर्नलमध्ये, म्हणजे यंत्रणेच्या गाभ्यात काम करते आणि प्रोग्राम सुरू होण्याआधी त्याची सही तपासते. दुसरी स्क्रिप्ट चालवणाऱ्या प्रोग्रामांना सांगते, की या यंत्रावर निर्बंध किती कडक आहेत. या दोघींना कामाला लावलं, की ‘एवढेच प्रोग्राम चालतील, बाकी एकही नाही’ असं धोरण, म्हणजे परवानगीची यादी, आपल्या यंत्रांवर लावता येतं.

नव्या यंत्रात मात्र ही यादी कोरी असते. कोरी यादी म्हणजे येईल त्याला मुभा. ती भरायचं काम यंत्राच्या मालकाचं, आणि नेमकं तिथेच आपलं घोडं पेंड खातं.

माझं म्हणणं सरळ आहे. यंत्रावर काय चालेल याची यादी जो लिहितो, ते यंत्र त्याचं. खरेदीची पावती कोणाच्याही नावावर असो. ज्या संस्थांच्या हातात ही यादी आहे त्या ती लिहीत नाहीत. ज्या माणसांना आपल्या यंत्राची यादी स्वतः लिहायची आहे त्यांना कंपन्या लिहू देत नाहीत. दोन्हीकडे उलटं चाललं आहे आणि दोन्हीकडे ते सुलटं करता येतं.

*

आधी संस्थांचं बघू.

कुठल्याही कार्यालयात सुरक्षिततेबद्दल विचारा, उत्तर ठरलेलं: ‘अँटिव्हायरस आहे ना.’ अँटिव्हायरस मुख्यतः आजवर सापडलेल्या वाईट प्रोग्रामांच्या खुणा शोधतो. काल रात्री घडवलेला, आजवर कोणी न पाहिलेला प्रोग्राम त्याला वाईट म्हणून ओळखू येईलच असं नाही. परवानगीची यादी याच्या बरोबर उलट चालते. ती वाईट कोण हे विचारतच नाही. फक्त नाव यादीत आहे का, एवढंच बघते.

दहावीच्या परीक्षा केंद्रावर हेच होतं. दारावरचे पर्यवेक्षक गुंडांचे फोटो घेऊन उभे राहत नाहीत, ते हॉल तिकीट मागतात. तिकीट नाही तर आत प्रवेश नाही, मग माणूस कितीही सज्जन असो. पण हॉल तिकीट असलेल्या मुलाच्या खिशात कॉपीची चिठ्ठी असू शकते, म्हणून खिसाही तपासावा लागतो. संगणकात तो मुलगा म्हणजे पॉवरशेल, स्क्रिप्ट चालवणारा विंडोजचाच प्रोग्राम. त्याच्यावर मायक्रोसॉफ्टची खरी सही आहे, त्यामुळे सीआय.डीएलएल त्याला आत सोडते. चिठ्ठी म्हणजे त्याला चालवायला दिलेली स्क्रिप्ट. ती साधा मजकूर असते आणि हल्लेखोर ती हवी तशी लिहू शकतो. खिसा तपासायची वेळ आली की डब्ल्यूएलडीपी.डीएलएल लागते. धोरण लागू असेल तर पॉवरशेल तिला विचारतो आणि यादीत नसलेली स्क्रिप्ट आखडत्या भाषेत चालवतो. त्या भाषेत साधी कामं होतात, पण विंडोजच्या आतड्यांत हात घालणारी कामं होत नाहीत. विंडोजचा जुना स्क्रिप्ट होस्टही याच यंत्रणेला विचारतो.

इथेच या व्यवस्थेची खरी मर्यादा आहे आणि ती स्पष्ट सांगितली पाहिजे. डब्ल्यूएलडीपी स्वतः उठून कोणाला अडवत नाही. स्क्रिप्ट चालवणाऱ्याने तिला विचारलं पाहिजे आणि तिचं उत्तर मानलं पाहिजे. पॉवरशेल विचारतो. बाहेरून आणून बसवलेला पायथॉन सहसा विचारत नाही. म्हणजे यादीत पायथॉनला जागा दिली, की त्याच्या हाती पडेल ती स्क्रिप्ट चालते. एमएसएचटीए आणि एमएसबिल्ड ही तर मायक्रोसॉफ्टचीच सही असलेली हत्यारं. त्यांच्या आडून यादी चुकवता येते हे इतकं ठाऊक आहे, की मायक्रोसॉफ्ट स्वतःच ‘हे आमचे प्रोग्राम गरज नसेल तर अडवा’ अशी यादी प्रसिद्ध करत आली आहे. म्हणून विक्रेत्याच्या माणसाने एका दुपारी येऊन ‘सेटिंग’ करून दिलं, की काम संपलं, असं कोणी समजू नये. सही वाहकावर असते, मजकुरावर नसते. हा फरक ज्याला कळला त्यालाच यादी लिहिता येते.

*

यादी लिहायच्या तीन रीती आहेत.

पहिली हॅशची. फाइलीतल्या सगळ्या मजकुराचं गणित करून एक आकडा काढतात. फाइलीत एक अक्षर जरी बदललं तरी आकडा बदलतो. ही रीत पक्की आहे, पण दर अपडेटनंतर नवा आकडा नोंदवावा लागतो.

दुसरी सहीची. अमुक कंपनीने सही केलेलं ते चालेल. ही रीत टिकाऊ, पण त्या कंपनीच्या घरी चोरी झाली की आपणही उघडे पडतो. २०२० मध्ये सोलरविंड्सच्या बाबतीत असंच झालं. हल्लेखोर कंपनीच्या आत शिरले, ओरायन या उत्पादनाच्या एका डीएलएलमध्ये त्यांनी आपला मजकूर घुसवला आणि कंपनीने त्यावर आपली खरीखुरी सही करून तो अपडेट म्हणून ग्राहकांना वाटला. सुमारे १८,००० ग्राहकांपर्यंत तो पोहोचला.

तिसरी जागेची. अमुक फोल्डरातलं सगळं चालेल. ही सगळ्यात सोपी, म्हणून सगळ्यात लाडकी आणि सगळ्यात कच्ची. त्या फोल्डरात साध्या कर्मचाऱ्याला फाइल ठेवता येत असेल तर त्याच्या नावाने आत शिरलेल्या चोरालाही ठेवता येते. अशी यादी असून नसल्यासारखीच.

*

आता एका डीएलएलची खरी किंमत बघा.

४ फेब्रुवारी २०१६. गुरुवार. बांगलादेशात दुसऱ्या दिवशी शुक्रवारची सुट्टी. ढाक्यातल्या बांगलादेश बँकेच्या, म्हणजे त्या देशाच्या मध्यवर्ती बँकेच्या, यंत्रणेतून न्यूयॉर्कच्या फेडरल रिझर्व्ह बँकेला पैसे वळते करायचे ३५ आदेश गेले. रक्कम सुमारे ९५ कोटी डॉलर. बहुतेक आदेश वाटेत अडले, पण ८.१ कोटी डॉलर मनिलातल्या आरसीबीसी बँकेच्या ज्युपिटर स्ट्रीट शाखेत पोहोचले आणि तिथून मुख्यतः जुगारघरांच्या वाटेने पसार झाले.

बीएई सिस्टिम्सच्या तज्ज्ञांनी एप्रिल २०१६ मध्ये या हल्ल्यातला प्रोग्राम उलगडून दाखवला. स्विफ्टच्या, म्हणजे बँका एकमेकींना पैशांचे आदेश ज्या जाळ्यातून पाठवतात त्याच्या, सॉफ्टवेअरमध्ये लिबओराडीबी.डीएलएल नावाची एक लायब्ररी होती. त्यात एक तपासणी होती आणि ती नापास झाली तर पुढचं काम थांबवणारी एक उडी होती. हल्लेखोरांच्या प्रोग्रामने यंत्राच्या स्मृतीत त्या उडीचे दोन बाइट पुसले आणि त्या जागी ‘काही करू नको’ असे दोन बाइट लिहिले. त्यानंतर तपासणी कधी नापास झालीच नाही. दोन बाइट! मग हल्लेखोर स्विफ्टचा डेटाबेस वाचू शकले, नोंदी पुसू शकले आणि छापील पावत्यांमध्येही ढवळाढवळ करू शकले.

हे बदल डिस्कवरच्या फाइलीत नव्हते, स्मृतीत होते. त्यामुळे त्या डीएलएलची सही कितीदा तपासली असती तरी ती पास झाली असती. पण ते दोन बाइट बदलणारा एक वेगळा प्रोग्राम होता. त्याला आधी त्या यंत्रावर चालावं लागलं. स्विफ्टचे आदेश पाठवणारं यंत्र दिवसभर एकच काम करतं. त्यावर कोणते प्रोग्राम लागतात हे बँकेला तोंडपाठ असायला हवं. परक्या प्रोग्रामला ‘तुझं नाव यादीत नाही’ असं तिथे सांगणारं कोणी असतं, तर त्या दोन बाइटांपर्यंत त्याचा हात पोहोचला नसता. म्हणून मी म्हणतो, की एकच काम करणाऱ्या यंत्रावर कोरी यादी ठेवणं हा निष्काळजीपणा आहे. त्याला दुसरं नाव देऊ नये.

*

आपल्या दारातलं बोलू.

२७ जून २०१७ ला न्हावा शेव्याच्या जवाहरलाल नेहरू बंदरातलं एक टर्मिनल ठप्प झालं. ते मर्स्क समूहाच्या हातात होतं, आणि मर्स्कची जगभरची यंत्रणा नॉटपेट्या या हल्ल्याने त्या दिवशी झोपवली होती. हल्ला भारतावर नव्हताच. युक्रेनमध्ये कर भरण्यासाठी वापरतात त्या एम.ई.डॉक नावाच्या सॉफ्टवेअरच्या अपडेटमधून तो निघाला. त्याचा मुख्य ऐवज एका डीएलएलमध्ये होता, नाव पर्फसी.डॅट. ती फाइल चालवली विंडोजच्याच रनडीएलएल३२ ने. पुढच्या यंत्रांवर पसरायला त्याने पीएसएक्झेक आणि डब्ल्यूएमआयसी वापरले, दोन्ही मायक्रोसॉफ्टचेच. वाहक सगळे सहीचे, मजकूर विषारी. डीएलएलचीही सही तपासणारी पक्की यादी जिथे लागू असते तिथे असा परका ऐवज आत उघडत नाही. पण बऱ्याच ठिकाणी याद्या फक्त प्रोग्रामांच्या असतात. ॲपलॉकर या विंडोजच्याच यादी लावायच्या सुविधेत डीएलएल तपासणारे नियम मुद्दाम चालू करावे लागतात आणि ‘यंत्र हळू होईल’ म्हणून ते तसेच राहतात. बंदर बंद पडतं तेव्हा किती हळू होतं, याचाही हिशेब करावा.

मग पुणे. ११ आणि १३ ऑगस्ट २०१८. कॉसमॉस बँकेतून सुमारे ९४ कोटी रुपये गेले. त्यातले ७८ कोटी २८ देशांतल्या एटीएममधून बनावट कार्डांनी काढले गेले, काही रक्कम आपल्याच देशात, अगदी कोल्हापुरातही निघाली, आणि १३.९२ कोटी स्विफ्टच्या वाटेने हाँगकाँगला गेले. पैसे द्यावेत की नाही हे ठरवताना एटीएम बँकेच्या मुख्य यंत्रणेला विचारतं. हा विचारण्याचा रस्ता ज्या स्विचमधून जातो त्याच्या जागी हल्लेखोरांनी आपला खोटा स्विच उभा केला आणि तो प्रत्येक विचारणीला ‘हो’ म्हणत राहिला. एप्रिल २०२३ मध्ये पुण्याच्या न्यायालयाने ११ जणांना दोषी ठरवलं. ते पैसे काढणाऱ्या साखळीतले होते. सगळा कट एका यादीने थांबला असता असं मी म्हणणार नाही. पण परका प्रोग्राम आत शिरून मुक्कामाला राहतो आणि कोणाला पत्ता लागत नाही, याचा अर्थ त्या यंत्रांवर काय चालायला हवं याचा हिशेब कोणी रोज ठेवत नव्हतं, एवढं नक्की.

आणि हा हिशेब ठेवा असं कोणी सांगितलं नव्हतं का? सांगितलं होतं. विंडोज एक्सपीचा आधार ८ एप्रिल २०१४ ला संपला. त्यानंतरही देशातली एटीएम त्यावर चालत राहिली. एटीएमचं डोकं उघडून किंवा दुरून पैसे ओकायला लावता येतात, हे बार्नाबी जॅक या संशोधकाने लास व्हेगासच्या मंचावर २०१० मध्येच करून दाखवलं होतं. २१ जून २०१८ ला रिझर्व्ह बँकेने कामाची संथ गती बघून बँकांना तारखा बांधून दिल्या. बायोसला पासवर्ड घालणं आणि यूएसबीची तोंडं बंद करणं ऑगस्ट २०१८ पर्यंत. परवानगीची यादी, म्हणजे व्हाइटलिस्टिंग, मार्च २०१९ पर्यंत. सगळी एटीएम आधार असलेल्या विंडोजवर जून २०१९ पर्यंत. कॉसमॉसच्या घटनेनंतर दोन महिन्यांनी, १९ ऑक्टोबर २०१८ ला, नागरी सहकारी बँकांसाठी रिझर्व्ह बँकेची सायबर सुरक्षेची मूलभूत चौकट आली. त्यात मंजूर सॉफ्टवेअर आणि लायब्रऱ्यांची अद्ययावत यादी ठेवा, नामंजूर ते बसवू आणि चालू देऊ नका, असं सांगितलं आहे. म्हणजे आपल्याकडे नियम कमी नाहीत. नियमाला ‘अनुपालन केले’ असा शिक्का मारून फाइल बंद करायची सवय जास्त आहे.

*

ही सवय कशी दिसते ते सांगतो. यादी लागू करण्याआधी ती ‘ऑडिट’ म्हणून चालवून बघता येते. ऑडिटमध्ये काहीच अडवलं जात नाही, फक्त नोंद होते. विंडोजच्या नोंदवहीत ३०७६ क्रमांकाची नोंद म्हणजे ‘यादी लागू असती तर हे अडवलं असतं’ आणि ३०७७ म्हणजे ‘हे अडवलं’. पहिले काही आठवडे ३०७६ वाचायचे, राहून गेलेले कामाचे प्रोग्राम यादीत घालायचे आणि मग यादी लागू करायची. ही चांगली रीत आहे. पण ऑडिट लावून कोणी विसरलं, की तपासणीच्या कागदावर ‘धोरण आहे’ असं दिसतं आणि यंत्रावर सगळ्यांना मोकळं रान असतं. ज्या यंत्रावर वर्षभर फक्त ३०७६ साचत आहेत, तिथे सुरक्षितता नाही, तिथे चोराच्या येण्याजाण्याची नोंदवही आहे.

‘कर्मचाऱ्यांची अडचण होते’ हा आक्षेप मला पटतो. नवा प्रिंटर आला, त्याचा ड्रायव्हर अडला, खिडकीवर रांग वाढली, तर शिव्या खिडकीवरच्या माणसाला बसतात. म्हणून यादी सांभाळायला माणूस हवा, त्याला पगार हवा, आणि सकाळी अडलेलं काम दुपारपर्यंत तपासून सोडवायचा अधिकार हवा. तो न देता यादी लावली तर महिन्याभरात कोणीतरी साहेब ‘ते काढून टाका’ म्हणणारच. ऑस्ट्रेलियाच्या सिग्नल्स डायरेक्टरेट या सरकारी संस्थेने २०११ मध्ये चार उपाय निवडले. परवानगीची यादी त्यात होती. हे चार नीट केले तर त्यांनी हाताळलेल्या घुसखोऱ्यांपैकी किमान ८५ टक्के रोखता आल्या असत्या, असं त्या संस्थेने म्हटलं, आणि २०१३ मध्ये ऑस्ट्रेलियाने ते चारही उपाय आपल्या केंद्रीय खात्यांना सक्तीचे केले. कुठलीही महागडी पेटी विकत न घेता करायचं हे काम आहे. ॲपलॉकर पूर्वी विंडोजच्या महागड्या आवृत्त्यांपुरतंच होतं. ती अटही मायक्रोसॉफ्टने उठवली आहे. सॉफ्टवेअरच्या पैशांचं कारण आता उरलेलं नाही.

कुलूप बनवणाऱ्यांनीही हात झटकू नयेत. ऑक्टोबर २०२२ मध्ये उघड झालं, की धोकादायक ड्रायव्हर अडवायची मायक्रोसॉफ्टची यादी विंडोज १० च्या यंत्रांपर्यंत कित्येक वर्षं नव्याने पोहोचतच नव्हती. विल डॉरमन या संशोधकाने ती प्रत्यक्ष ड्रायव्हर चालवून तपासली म्हणून हे कळलं. १९ जुलै २०२४ ला क्राउडस्ट्राइक या सुरक्षा कंपनीच्या एका सदोष अपडेटने जगभरातली सुमारे ८५ लाख विंडोज यंत्रं पाडली आणि भारतातल्या काही विमानतळांवर हाताने लिहिलेले बोर्डिंग पास वाटावे लागले. तिथेही ड्रायव्हरवर सही होती. यंत्रं पडली ती त्या ड्रायव्हरने वाचलेल्या मजकुरामुळे. जे कुलूप लाखो दारांवर एकाच वेळी बदलता येतं, ते आधी थोड्या दारांवर लावून बघायला हवं. ही शिकवण क्राउडस्ट्राइकने नंतर घेतली. घेतली ते बरं केलं, पण तिची किंमत दुसऱ्यांनी मोजली.

*

आता नाण्याची दुसरी बाजू. यंत्र माझं, पैसे माझे, आणि यादी कंपनीची.

ऑक्टोबर २०१२ मध्ये मायक्रोसॉफ्टने सरफेस आरटी बाजारात आणला. त्याच्या डेस्कटॉपवर मायक्रोसॉफ्टचेच प्रोग्राम चालायचे, बाकी सगळं कंपनीच्या स्टोअरमधून. विंडोज ८ च्या प्रमाणपत्राचे नियम त्याआधीच आले होते. इंटेल-एएमडीच्या यंत्रांवर सिक्युअर बूट, म्हणजे सही नसलेली यंत्रणा सुरूच होऊ न देणारं कुलूप, मालकाला बंद करता आलं पाहिजे, असा नियम होता. एआरएमच्या यंत्रांवर ते बंद करता येता कामा नये, असाही नियम होता. कंपनी एक, नियमावली एक, कुलूप एक. एका ठिकाणी मालकाला किल्ली, दुसऱ्या ठिकाणी नाही. विंडोज आरटी ८.१ चा आधार १० जानेवारी २०२३ ला संपला. जुन्या इंटेलच्या लॅपटॉपवर आजही लिनक्स घालून पोराचा अभ्यास चालवता येतो. सरफेस आरटीच्या मालकाला कंपनीने असा कुठलाही रस्ता ठेवलेला नाही. यंत्र धडधाकट, पण यादी लिहिणारा निघून गेला आणि जाताना किल्ली घेऊन गेला.

फोनचं तेच. युरोपीय संघाने कायदा केला, म्हणून मार्च २०२४ पासून पॅरिसमधल्या आयफोनवर ॲपलच्या दुकानाबाहेरची दुकानं चालतात. नाशिकमधल्या आयफोनवर चालत नाहीत. फोन तोच. तिथल्या लोकांनी मागितलं आणि मिळवलं, एवढाच फरक.

अँड्रॉइडचं उदाहरण जास्त अवघड आहे, म्हणून जास्त महत्त्वाचं. ऑगस्ट २०२५ मध्ये गूगलने जाहीर केलं, की सप्टेंबर २०२६ पासून ब्राझील, इंडोनेशिया, सिंगापूर आणि थायलंडमध्ये ओळख पटवलेल्या विकासकांचीच ॲप प्रमाणित फोनवर बसतील, मग ती प्ले स्टोअरबाहेरून आणलेली असली तरी. कारण खोटं नाही. आपल्याकडेही लग्नपत्रिकेच्या नावाने आणि आरटीओच्या चलनाच्या नावाने व्हॉट्सॲपवर एपीके, म्हणजे अँड्रॉइड ॲपच्या फाइली, येतात आणि कोणाच्या तरी म्हाताऱ्या वडिलांचं खातं रिकामं होतं. त्या वडिलांच्या फोनला कुलूप हवंच. माझा त्याला पूर्ण पाठिंबा आहे. पण हौसेने गावच्या बोलीचा कीबोर्ड लिहून मित्रांना वाटणाऱ्या पोराने परक्या कंपनीकडे आधी आपली ओळख का नोंदवावी? मुक्त सॉफ्टवेअरवाल्यांनी विरोध केला आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये गूगलने जाणकारांसाठी वेगळी वाट ठेवू असं सांगितलं. ती वाट खरी असली पाहिजे. जोखीम स्पष्ट सांगा, घाईघाईत होणार नाही अशी ठेवा, चोर फोनवरून बोलत बोलत करून घेऊ शकणार नाही अशी ठेवा. पण मालकासाठी ठेवा. सुरुवातीला कुलूप बंद असणं हे चांगलं धोरण आहे. मालकाकडे किल्ली नसणं हे धोरण नाही, कब्जा आहे.

दोन्ही गोष्टी एकत्र म्हणताना मला अजिबात अडखळायला होत नाही. एटीएम, स्विफ्टचं यंत्र, इस्पितळातली नोंदणी खिडकी, तहसील कार्यालयातला सातबाराचा संगणक, ही एकाच कामाची यंत्रं आहेत आणि लोकांची आहेत. त्यांची यादी बंद हवी, छोटी हवी आणि संस्थेने स्वतः लिहिलेली हवी. विक्रेत्याने नाही. विंडोजमध्ये धोरणावर संस्थेला स्वतःची सही घालता येते. मग यंत्राचा अ‍ॅडमिनसुद्धा ते परस्पर उचकटू शकत नाही. त्या सहीची किल्ली संस्थेच्या तिजोरीत हवी, विक्रेत्याच्या अभियंत्याच्या पेनड्राइव्हवर नको. आणि घरचा लॅपटॉप, हातातला फोन हे माणसाचं यंत्र. त्याची यादी माणसाने लिहावी, किंवा आपण होऊन कंपनीला लिहू द्यावी आणि वाटेल तेव्हा परत घ्यावी.

*

आता तुमचं काम. महाराष्ट्रात लाखो लोक सहकारी बँकांचे सभासद आहेत. वार्षिक सर्वसाधारण सभा ३० सप्टेंबरच्या आत व्हायलाच लागते. त्या सभेत लाभांश किती यावर तासभर आवाज चढतो. यंदा त्यातली पाच मिनिटं मागून घ्या आणि संचालक मंडळाला चार प्रश्न लेखी द्या.

मंजूर सॉफ्टवेअरची यादी आहे का, आणि डीएलएल व स्क्रिप्टही तिच्या कक्षेत येतात का? ती यंत्रांवर लागू आहे की नुसती ऑडिटमध्ये पडून आहे? ती सांभाळणारा माणूस कोण, तो बँकेचा आहे की विक्रेत्याचा, आणि सहीची किल्ली कोणाच्या ताब्यात आहे? यादी शेवटची कधी तपासली आणि गेल्या वर्षात तिने काय काय अडवलं?

‘तांत्रिक विषय आहे, सभासदांना कळणार नाही’ असं उत्तर आलं तर बसू नका. चारही प्रश्नांची उत्तरं साध्या मराठीत देता येतात आणि रिझर्व्ह बँकेच्या चौकटीमुळे ती बँकेकडे आधीच तयार असली पाहिजेत. उत्तर नसेल तर ते इतिवृत्तात नोंदवून घ्या आणि पुढच्या सभेत तोच कागद पुन्हा काढा. ठेव तुमची आहे. तिची राखण करणाऱ्या यंत्रावर काय चालतं, हे विचारायचा हक्कही तुमचाच आहे.